खळ्यापर्यंतची मोहीम

दिवाळी सरली की मला एक मुका फोन येतो. नाव दिसतं ‘दादा’. उचलला की पलीकडून कोणी बोलत नाही. आधी वारा, मग एखादा कोंबडा, आणि मग हळूहळू कानाला सापडतं ते धप्प, धप्प, धप्प. भाताचे भारे झोडण्याचा आवाज. वाशिंदला माझं औषधांचं दुकान अगदी रस्त्यावर आहे, त्यामुळे एका कानात रिक्षा आणि दुसऱ्या कानात खळं असं थोडा वेळ चालतं. मी इकडून विचारत राहते, भात कसं झालं, वहिनीचा गुडघा काय म्हणतो, आणि उत्तरादाखल धप्प धप्प ऐकते. मग फोन बंद होतो. समोरचं गिऱ्हाईक विचारतं, कोणाचा होता? मी सांगते, भावाचा. काय म्हणाला? म्हणाला, झोडणी सुरू झाली.

तो फोन आला की काही वर्षांपूर्वीची झोडणी माझ्याभोवती उभी राहते. दुकानात औषधांचा वास असतो, पण माझ्या नाकात ताज्या पेंढ्याचा वास शिरतो. गळ्यापाशी तूस चिकटल्यासारखी खाज सुटते. त्या मोसमाने मला जे दाखवलं ते मी कितीदा आठवलं तरी माझी हौस फिटत नाही, आणि माझी हौस फिटेपर्यंत गिऱ्हाईक थांबत नाही.

माझा दादा, म्हणजे पंढरीदादा, किन्हवलीच्या पुढे आमच्या गावी शेती करतो. त्याला बोलता येत नाही. त्या झोडणीच्या वर्षीच उन्हाळ्यात घशाचा आजार निघाला, मुंबईला मोठं ऑपरेशन झालं, आणि आवाजाची पेटी काढून टाकावी लागली. विडीने नेली म्हणा. आता तो गळ्याच्या खड्ड्यात ठेवलेल्या भोकातून श्वास घेतो आणि त्यावर पांढरं फडकं बांधतो. बोलण्यासाठी गळ्याला लावायचं एक यंत्र डॉक्टरांनी दिलं होतं. दादाने ते एकदा लावलं, स्वतःचा तो यंत्रातला आवाज ऐकला आणि यंत्र कपाटात ठेवून दिलं. पुन्हा काही काढलं नाही.

आणि आवाज तरी कोणाचा जावा? शेताच्या बांधावरून दादाने हाक मारली की किन्हवलीची एसटी थांबते, असं आमच्याकडे म्हणायचे. एसटी थांबायची ती ड्रायव्हर त्याचा दोस्त म्हणून, पण हाकही तशीच होती. शिवाय दादा आमच्या वाडीचा मापारी. हल्ली भात वजनकाट्यावरच विकलं जातं, तरी खळ्यावर रास तयार झाली की ती एकदा पायलीने मोजायची रीत आमच्याकडे राहिली आहे. राशीपुढे दिवा लावतात, हळदकुंकू वाहतात, आणि मग मापारी सोडून कोणी तोंड उघडायचं नाही. बोललं की रास आटते. पोरंसुद्धा ओठ मिटून उभी राहतात. पहिली पायली भरली की मापारी ‘एक’ म्हणत नाही, ‘लाभ’ म्हणतो. दादाचा तो ‘लाभ’ मी लहानपणापासून ऐकलेला. सगळ्या गप्प माणसांमध्ये तो एकटाच आवाज निघायचा आणि वाटायचं, आता वर्षभर काही कमी पडणार नाही.

इस्पितळात दादाला मोबाईलचं वेड लागलं. पाहायचा एकच प्रकार, ते साहसी प्रवासाचे माहितीपट. एक दणकट गोरा माणूस कुठल्याशा जंगलात उतरतो, ओढे ओलांडतो, पानातून पाणी पितो, किडे खातो आणि सगळा वेळ कॅमेऱ्याशी कुजबुजत असतो की रात्र पडायच्या आत मी बाहेर पडलो नाही तर संपलो. वॉर्डात आवाज लावायला बंदी, आणि कानात घालायची वायर आमच्यापैकी कोणाला आणायची आठवण झाली नाही. त्यामुळे दादा ते सगळे माहितीपट मुके पाहायचा.

आणि मुके पाहिले म्हणून त्याला ते दिसले. भीतीदायक संगीत नाही, कुजबुज नाही, तर उरतं काय? एक धडधाकट माणूस घोटाभर पाण्यात दोरी धरून थरथरतो आहे. डोंगरावर पहिलं पाऊल ठेवणारा म्हणे तोच, आणि त्याला वर येताना टिपणारा कॅमेरा आधीच वर जाऊन बसलेला. दादाने मला त्या कॅमेऱ्याची जागा बोटाने दाखवली, भुवया उंचावल्या, आणि मी वॉर्डात फिस्सकन हसले. शेजारच्या खाटांवरचे गळ्याला पट्ट्या बांधलेले पेशंट गोळा व्हायला लागले. एकदा सुगंधावहिनी खालून औषधं घेऊन आली तर दाराशीच थबकली. आत अजिबात आवाज नव्हता, पण मोबाईलभोवती बसलेल्या सगळ्या माणसांचे खांदे गदागदा हलत होते. आधी तिला वाटलं, रडतायत.

दादाची मुलगी दीपाली तेव्हा मुरबाडला कॉलेजात जायची. तिने बापाचं हे वेड बघितलं आणि कुठून कुठून शोधून जुने मूकपट आणले, शंभरेक वर्षांपूर्वीचे. तेव्हा प्रवासपट पाहायची लोकांना फार आवड होती म्हणे. कोणी ध्रुवाकडे चाललेला, कोणी वाळवंटात, आणि विनोदी नट लगेच त्यांची नक्कल करायला टपलेले. एकात बर्फाळ प्रदेश म्हणून चादरी अंथरलेल्या आणि वरून पीठ उडवलेलं. शूर प्रवासी त्यात कमरेइतका रुततो, आणि त्याच्या शेजारून एक बाई बाळाची गाडी ढकलत निघून जाते. एकात जंगल म्हणजे कुणाच्या तरी घरामागची बाग, आणि वाघाची शेपटी दाराच्या फटीत अडकलेली.

मला त्या विनोदी नटांचं फार कौतुक वाटतं. मोठ्या माणसाची टर उडवणं सोपं असतं, तोंड वाकडं केलं की झालं. हे लोक तसं करत नाहीत. ते तितक्याच गांभीर्याने चालतात, तितकीच छाती काढतात, फक्त आजूबाजूला खरं जग तसंच राहू देतात. बाळाची गाडी येते, कोंबडी येते, बायको येते. हसू येतं ते तिथे. आणि शूर माणसाबद्दल राग राहत नाही, उलट माया वाटते, कारण रुतलेला माणूस कोणाला आवडत नाही? हे सगळं एका शब्दाशिवाय. अधूनमधून एक पाटी येते, तिच्यावर एक ओळ, की पुन्हा मुकं जग सुरू. दादा त्या पाट्यांकडे फार लक्ष देऊन पाहायचा.

पावसाळ्यात तो घरी आला तेव्हा आम्हाला वाटलं होतं, गावात गेला की खुलेल. तो आणखीच मिटला. भेटायला येणारी माणसं चांगलीच होती, पण मुका माणूस समोर असला की लोक मोठ्याने बोलतात, जणू कान गेलेत. नाहीतर त्याच्यासमोरच वहिनीला विचारतात, जेवतो का नीट? दादा उठून मागच्या पडवीत जाऊन बसायला लागला. पीक कापणीला आलं, कापून झालं, भारे खळ्यावर आले, आणि दादा पडवीतच. धुळीत जाऊ नका असं डॉक्टरांनी सांगितलं होतं हे खरं, पण झोडणी बघायला झाडाखाली बसायला कोणी बंदी केली नव्हती. कुंपणापलीकडे खळं, मध्ये बांबूचं बेडं, म्हणजे फाटक. इतकंच अंतर त्याला काही केल्या ओलांडवेना.

मी भाऊबीजेला गेले ते तिथेच राहिले. वहिनीच्या मनात एकच काळजी होती आणि ती तिने भाजी चिरता चिरता मला सांगितली. बोलणं गेलं ते गेलं, त्याचं तिने रडून घेतलं होतं. पण माणूसच माणसांतून उठला तर? यंदा रास मोजायला तो खळ्यावर गेला नाही, तर पुढे कधीच कुठे जाणार नाही, असं तिने मनाशी धरलं होतं. वाडीने दुसरा मापारी ठरवायचं अजून काढलं नव्हतं. काढतील, म्हणाली, आणि त्यांना नावं तरी कशी ठेवायची.

मोहिमेची कल्पना दीपालीची. तिने बापापुढे मोबाईल धरला आणि सांगितलं, आपण आपला माहितीपट काढू, पडवीपासून खळ्यापर्यंत, मुका.  दादा उठून गोठ्यात गेला आणि दोरखंड घेऊन आला.

आमच्याकडे बोहाडा होतो. चैत्र-वैशाखात मुखवटे चढवून देवादैत्यांची सोंगं नाचवतात, आणि दादा कितीतरी वर्षं सोंग नाचवत आलेला. मुखवटा घातला की चेहरा गेला, आवाजही आतल्या आत कोंडतो. मग रागावायचं ते खांद्यांनी, घाबरायचं ते गुडघ्यांनी, आणि देव व्हायचं ते मानेने. हे शिक्षण त्याच्या अंगात मुरलेलं होतं. फक्त आता तो तोच मुखवटा उघड्या चेहऱ्याने घालणार होता.

काय ते रूप! कपाळाला उपरण्याने बांधलेली बॅटरी. पाठीला खताच्या रिकाम्या गोणीचं दप्तर. कमरेला दोरखंड, गळ्यात कुकरची शिट्टी, आणि दुर्बीण म्हणून पाइपाचे दोन तुकडे चिकटवलेले. पाट्यांसाठी वहिनीने शेणाने सारवलेलं सूप दिलं. त्यावर चुन्याने लिहायचं, ओल्या फडक्याने पुसायचं. चुना घरात भरपूर होता, कारण तो खाणाऱ्याची तंबाखूही आता बंद झाली होती.

चित्रीकरण दुपारी चालायचं. कुंपणापलीकडून झोडणीचे धपाटे ऐकू यायचे आणि इकडे शूर प्रवासी मोरीच्या सांडपाण्याची नाली ओलांडायचा. पेरूच्या झाडाला दोर बांधून, जीव मुठीत धरून, एकेक पाऊल. सुपावर पाटी: ‘इथून कोणी परत आलेलं नाही.’ मागून वहिनी डोक्यावर हंडा घेऊन येते, नाली ओलांडते, परत जाते, पुन्हा येते. पुढे हिंस्र श्वापद, म्हणजे आमची म्हैस. दादा पोटावर सरपटत तिच्याजवळ जातो, दुर्बीण लावतो. पाटी: ‘तिने मला अजून पाहिलेलं नाही.’ म्हैस त्याचं डोकं चाटते. मग तो दोन काटक्या घासून अग्नी पेटवायला बसतो, घाम पुसतो, टॉवेलाने वारा घालतो, तर वहिनी येऊन काडेपेटीने चूल पेटवून जाते. उकिरड्यावर चढून तो टॉवेलाचा झेंडा रोवतो, तर पलीकडून कोंबडी आधीच वर येऊन उभी.

वहिनीला हसू आवरायचं नाही, म्हणून तिला सारखी पाठ करून उभी केली. एकदाच तिचा चेहरा हवा होता. तिने हातातली केरसुणी उगारायची आणि पाटी दाखवायची: ‘स्थानिक लोक मनमिळाऊ आहेत.’ तेवढं मात्र तिने न हसता केलं. मी म्हटलं, वहिनी, हे कसं जमलं? तर म्हणे त्यात काय, रोजचंच आहे.

मी पायरीवर बसून हे पाहत होते. माझा भाऊ तिथे होता, पूर्वीचा, सगळा. आवाज सोडून काहीही गेलेलं नव्हतं. एके दुपारी चित्रीकरण चालू असताना दादा अचानक पलीकडे वळला आणि त्याचे खांदे हलायला लागले. मी घाबरून उठले. वहिनीने मला धरून बसवलं. “हसतात ते,” ती म्हणाली. “आता बगायलाच लागतं. पाठ करून हसले तं समजत नाय.” त्यानंतर ती काम सोडून त्याच्याकडे बघत राहिली, जणू ते चुकवायचं नव्हतं.

शेवटचं दृश्य तेवढं राहिलं. प्रवासी बेडं ओलांडून खळ्यावर पोचतो, इतकंच. दादा बेड्यापर्यंत आला. पलीकडे माणसं होती, कोणीतरी कोणाला हाक मारत होतं, हसत होतं. त्याने बेड्यावर हात ठेवला. मग बॅटरी सोडली, गोणी खाली ठेवली आणि हाताने खूण केली, संपलं. दुसऱ्या दिवशी तसंच. तिसऱ्या दिवशी तर त्याने सामान अंगावर चढवलंच नाही. दीपाली माझ्याजवळ येऊन बसली. “आत्या, शेवटच नाय पिक्चरला,” एवढंच म्हणाली. तिला पिक्चरबद्दल म्हणायचं नव्हतं हे आम्हा दोघींनाही ठाऊक होतं.

झोडणी संपली, उफणणी झाली, धूळ बसली आणि रास मोजायचा दिवस आला. खळं सारवलेलं, मधोमध भाताचा पिवळा ढीग, त्यापुढे समई आणि रिकामी पायली. दादा पडवीत. वहिनी सकाळपासून त्याच्याशी एक शब्द बोलली नव्हती. तेवढ्यात काशीनाथकाका, आमचे शेजारी आणि खळ्याचे भागीदार, बेड्याशी आले. फार बोलणारा माणूस नव्हे. बेड्यावर कोपर टेकून त्यांनी तिथूनच सांगितलं,

“पंढरी, आज खळ्यावं कोनीच बोलनार नाय. मंग तुला कसली अडचन?”

आणि गेले.

 दादा उठला, कोपऱ्यातली गोणी पाठीला लावली, कपाळाला बॅटरी बांधली, कमरेला दोरखंड गुंडाळला. दीपाली मोबाईल शोधायला धावली. दादाने बेडं उघडलं, आणि गुडघ्यांत वाकून, एक हात कपाळाशी धरून, अज्ञात प्रदेशात शिरणाऱ्या माणसाच्या चालीने तो खळ्यावर आला.

मी आयुष्यात इतका कठीण प्रसंग पाहिलेला नाही. दिवा लागला होता, म्हणजे मौन सुरू झालं होतं. बोलायचं नाही, हसायचं नाही. आणि समोर पंढरी दुर्बिणीतून एकेका माणसाला निरखत चाललेला. कुणाचे गाल फुगले, कुणी पदर तोंडात कोंबला, एक म्हातारा आकाशाकडे बघत राहिला. ज्यांनी महिनोन्‌महिने त्याच्याकडे कीव करून पाहिलं होतं, त्यांना आता कीव करायलाही फुरसत नव्हती. काशीनाथकाकांचा चेहरा लालबुंद झाला होता. राशीपाशी पोचल्यावर मात्र दादाने सगळं सामान काढून ठेवलं, चपला काढल्या, गळ्यावरचं फडकं नीट केलं आणि वाकून नमस्कार केला. मग पायली भरली, हाताने सपाट केली आणि उचलली.

तिथे तो थांबला. पायली हातात, ओठ उघडे. जिथे ‘लाभ’ यायचा तिथे काहीच येत नव्हतं. खळ्यावरचं हसू विरलं. आता सगळे खरोखरचे गप्प झाले, आणि मला वाटलं, हे आपण काय करून बसलो, कशाला आणला याला इथवर.

तेवढ्यात वहिनी पुढे झाली. सूप तिच्या हातात होतं. तिने ते छातीशी उभं धरलं. त्यावर चुन्याने लिहिलं होतं: ‘लाभ’.

आधी काशीनाथकाका फुटले. दाबून ठेवलेलं सगळं एकदम बाहेर आलं, आणि मग कोणी कोणाचं राहिलं नाही. म्हातारे हसले, बायका डोळे पुसत हसल्या, ओठ मिटून उभी राहिलेली पोरं लोळायला लागली. आमच्या खळ्यावर मापाच्या वेळी मौन पहिल्यांदा मोडलं ते तेव्हा, आणि कोणी रागावलं नाही. दादा मध्ये उभा होता, पायली पोटाशी धरून, आणि त्याचे खांदे हलत होते. वहिनी त्याच्याकडे बघत होती. रास त्या वर्षी आटली की नाही हे मला माहीत नाही. नंतरच्या पायल्या कोणी नीट मोजल्याच नाहीत.

शेवट दीपालीला मिळाला, थोडा हलल्यासारखा, कारण तीही हसत होती. तो मुका पट आमच्या भागात या मोबाईलवरून त्या मोबाईलवर फिरला. उंबरमाळी स्टेशनला उतरून डोंगर चढायला जाणारी शहरातली मुलं कधीमधी आमच्याकडे फिरकतात. वहिनी त्यांना चहा देते आणि पट दाखवते. सगळ्यांत जास्त ती मुलंच हसतात, कपाळाला बॅटरी बांधलेली.

रास मोजायच्या दिवशी येणारा दुसरा फोन यंदा काल दुपारी आला. दुकानात गर्दी होती. एक बाई खोकल्याचं औषध मागत होत्या, त्यांना मी हाताने थांबा म्हटलं. पलीकडे वारा नव्हता, कोंबडा नव्हता, कोणी बोलत नव्हतं. मग भात पायलीत पडल्याची सळसळ आली, आणि थांबली. हल्ली पहिल्या पायलीला खळ्यावर उभी असलेली सगळी माणसं एकदम म्हणतात तो शब्द ऐकू आला. मौनाची रीत तेवढ्यापुरती बदलली आहे. पण त्यानंतरही फोन बंद झाला नाही. दादा थांबून होता. दरवर्षी थांबतो.

मीही काउंटरवर उभ्याउभ्या, सगळ्या गिऱ्हाइकांसमोर, मोठ्याने म्हटलं, “लाभ.”

तेव्हा कुठे त्याने फोन ठेवला.